आयटीत आता भरती कशी होते? पारोळ्याच्या गुरुजींना सविस्तर उत्तर

गुरुजी, नमस्कार.

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडते, म्हणजे वाचणाऱ्या बाकीच्यांनाही संदर्भ लागेल. तुम्ही पारोळा तालुक्यात प्राथमिक शिक्षक आहात. मुलगा जळगावच्या कॉलेजातून २०२५ साली कॉम्प्युटर इंजिनिअर झाला. मार्क बरे आहेत, बॅकलॉग नाही. कॅम्पसला मोजक्या कंपन्या आल्या, त्यात नंबर लागला नाही. आता पुण्यातला एक क्लास ८५ हजार मागतोय आणि 'शंभर टक्के प्लेसमेंट' म्हणतोय. दुसरा एक कन्सल्टंट दीड लाखात दोन वर्षांचा अनुभव 'लावून देतो' म्हणतोय. गावात जो तो सांगतो की एआयने आयटी संपवली. आणि धाकटी यंदा बारावीला आहे, तिला एआय-डेटा सायन्सला घालावं की कॉम्प्युटरला?

मी मूळची भुसावळची. गेली अठरा-वीस वर्षं पुण्यात आयटी कंपन्यांसाठी माणसं निवडण्याचं काम करते. टेबलाच्या आमच्या बाजूने हे कसं दिसतं तेवढं सांगते. पण सगळ्यात आधी त्या दीड लाखवाल्याचा नंबर फोनमधून काढून टाका. कारण खाली येईलच.

तुमच्या मनातलं आयटी भरतीचं चित्र २०२१-२२ चं आहे. त्यात तुमचं काही चुकलं नाही, कारण आपल्याकडच्या गावागावात त्या वर्षी लागलेली दोन-चार पोरं आहेत आणि त्यांच्याकडे बघूनच बाकीचे हिशेब मांडतात. कोविडनंतर अमेरिका-युरोपातल्या बँका, विमा कंपन्या, दुकानदार सगळ्यांनी व्यवहार ऑनलाइन न्यायला घेतले. काम धो धो आलं. त्याच वेळी इथली माणसं भराभर नोकऱ्या बदलत होती. २०२२ च्या जून तिमाहीत इन्फोसिसमधलं नोकरी सोडणाऱ्यांचं वार्षिक प्रमाण २८ टक्क्यांच्या वर गेलं होतं. शंभरातले अठ्ठावीस जण जात असतील तर त्यांच्या खुर्च्या भरायला माणसं लागणारच. टीसीएसने २०२१-२२ या आर्थिक वर्षात एक लाख फ्रेशर घेतले, इन्फोसिसने ८५ हजार. खरं सांगायचं तर तेव्हा आम्ही मुलाखत कमी आणि हजेरी जास्त घेत होतो.

मग अमेरिकेत व्याजदर वाढले. २०२२ च्या सुरुवातीला जवळपास शून्यावर असलेले दर २०२३ च्या जुलैपर्यंत सव्वापाच-साडेपाच टक्क्यांवर गेले. पैसा महागला की मोठे ग्राहक पहिली कात्री नव्या प्रोजेक्टांना लावतात. इकडे उचललेली पोरं तशीच बसून राहिली. २०२३ च्या फेब्रुवारीत विप्रोने साडेसहा लाखांची ऑफर दिलेल्या मुलांना 'साडेतीनवर येता का' असं विचारलं. इन्फोसिसने २०२२ च्या बॅचमधल्या ज्यांना ऑफर दिली होती त्यांतली कित्येक मुलं पत्र हातात घेऊन दोन वर्षं थांबली. २०२३-२४ या एका वर्षात टीसीएसची माणसं १३ हजारांनी कमी झाली, विप्रोची २४ हजारांनी आणि इन्फोसिसची जवळपास २६ हजारांनी. यातल्या बहुतेकांना कोणी हाकललं नव्हतं. गेलेल्यांच्या जागी नवीन घेतले नाहीत, एवढंच. चॅटजीपीटी लोकांपुढे आलं ते २०२२ च्या नोव्हेंबर अखेरीस. म्हणजे कंपन्यांच्या रोजच्या कामात एआय शिरायच्या आधीच खड्डा पडायला लागला होता. गावात सगळं खापर एआयवर फुटतं, ते अर्धं खरं आहे. उरलेलं अर्धं मी पुढे सांगते.

आणखी एक गोष्ट कोणी बोलत नाही. आता माणसं जागची हलत नाहीत. टीसीएसमध्ये २०२५ साली सोडून जाणाऱ्यांचं प्रमाण १३ टक्क्यांच्या आसपास होतं. बाहेर भाव मिळत नाही म्हटल्यावर जो तो आहे तिथेच बसला आहे, आणि बसलेला उठल्याशिवाय खालची खुर्ची रिकामी होत नाही. त्यात २०२५ च्या जुलैमध्ये टीसीएसने सुमारे १२ हजार माणसं, म्हणजे दोन टक्के, कमी करणार असं जाहीर केलं. ती मुख्यतः मधल्या आणि वरच्या फळीतली. त्यामुळे तुमच्या मुलाला जेवढी धाकधूक आहे तेवढीच पंधरा वर्षं अनुभव असलेल्या, वाकडमध्ये फ्लॅटचा हप्ता भरणाऱ्या माणसालाही आहे.

पूर्वी ट्रकभर माल उचलायचे, आता केळीची एकेक फणी हातात घेऊन बघतात. भरती होते, रोज होते, पण ती गर्दीची नसून जागेची असते. ही जागा कशी उघडते ते समजलं की पुढचं सगळं सोपं जाईल.

समजा अमेरिकेतल्या एका विमा कंपनीचं काम आलं. प्रोजेक्ट मॅनेजर कंपनीच्या सिस्टीममध्ये डिमांड टाकतो: जावा येणारे दोन, टेस्टिंगचा एक, पुणे, अमुक तारखेपासून. ही डिमांड लगेच आमच्याकडे येत नाही. आधी आरएमजी नावाचा विभाग बेंचवर कोण बसलंय ते बघतो, म्हणजे पगार चालू आहे पण ग्राहकाला बिल लागत नाही अशी माणसं. बेंचवर कोणी नसेल तर इतर प्रोजेक्टातून कोणी मोकळं होतंय का ते पाहतात. तिथेही नाही मिळालं तर ती जागा बाहेरच्यांसाठी उघडते. मग आधी कंपनीतल्या लोकांनी सुचवलेले रेझ्युमे, म्हणजे रेफरल, बघायचे. नंतर आमच्याकडे आधीच जमा असलेले. मग नोकरी डॉट कॉम, लिंक्डइन. माणसं पुरवणारा व्हेंडर सगळ्यात शेवटी, कारण त्याला कमिशन द्यावं लागतं. आता सांगा, जो मुलगा फक्त जाहिरात बघून 'अप्लाय' दाबतो तो या रांगेत कुठे उभा आहे? बऱ्याचशा जागा त्याच्यापर्यंत पोचायच्या आधीच भरलेल्या असतात.

म्हणून रेफरलची लाज सोडा. आपल्याकडे ओळखीने काम सांगायचं म्हणजे वशिला, असं वाटून शिक्षकाच्या घरात विशेष संकोच असतो. हा वशिला नाही. रेफरलने रेझ्युमे फक्त टेबलावर येतो, पुढची परीक्षा आणि मुलाखत सगळ्यांना सारखीच असते. शिवाय सुचवलेला उमेदवार लागला तर सुचवणाऱ्याला बहुतेक कंपन्या बक्षिसाची रक्कम देतात, म्हणजे तो तुमच्यावर उपकार करत नाही. पिंपरी-चिंचवडमध्ये खानदेशी माणसांची काय कमी आहे? निगडी, चिखली, मोशी भरलेली आहे. श्रावणात तिथे कानबाई बसते तेव्हा रोटाच्या पंगतीला पाच-सहा आयटीवाले हमखास सापडतात. मुलाला म्हणावं, त्यांना 'दादा, कुठे तरी बघा ना' असं सांगू नकोस. त्यांच्या कंपनीच्या करिअर पेजवरचा जागेचा जॉब आयडी शोध, त्या जागेपुरता नीट केलेला रेझ्युमे जोड आणि मग मेसेज कर. नुसतं 'बघा ना' म्हटलं की ते 'हो' म्हणतात आणि विसरतात. आयडी दिला तर त्यांचं काम दोन मिनिटांचं असतं.

आता एआयचं उरलेलं अर्धं. आयटी कंपनीची रचना खाली रुंद, वर निमुळती असते. ग्राहकाकडून माणशी बिल घ्यायचं आणि खाली स्वस्तात शिकणारी पोरं जास्त ठेवायची, यातच नफा असतो. फ्रेशरचा पगार गेली दहा-बारा वर्षं तीन-साडेतीन लाखांवर अडकलाय तो याचमुळे, आणि पोरं मिळतातच म्हणूनही. ही खालची पोरं पहिली दोन वर्षं काय करायची? छोटे प्रोग्रॅम लिहायचे, टेस्ट केस लिहायच्या, लॉग बघून तक्रारीचं तिकीट पुढे ढकलायचं, कागदपत्रं तयार करायची. कामं कंटाळवाणी होती, पण त्यातूनच माणूस शिकायचा. नेमकी हीच कामं आता एआयची साधनं बऱ्यापैकी करतात. पाच वर्षं अनुभवाची मुलगी ते साधन हाताशी घेऊन पूर्वी तिच्या हाताखालच्या दोघांनी केलं असतं तेवढं काम उरकते. म्हणून फ्रेशरकडून आता वेगळं मागतात: साधनाने लिहून दिलेला कोड वाचून त्यात खोट कुठे आहे ते ओळख. म्हणजे पूर्वी दुसऱ्या वर्षी लागणारी अक्कल आता पहिल्याच दिवशी लागते. हे अन्यायाचं आहे असं माझं मत आहे, कारण शिकायची पायरीच काढून घेतली आणि वर कुठून चढायचं ते कोणी सांगत नाही. दहा वर्षांनी वरच्या फळीला माणसं कमी पडतील तेव्हा या कंपन्या कपाळावर हात मारतील. पण तुमच्या मुलाला दहा वर्षं थांबता येत नाही.

मग ही अक्कल आहे हे आम्ही ओळखतो कसं? रेझ्युमे इथेच नापास होतात. आपल्या भागातल्या मुलांचे रेझ्युमे माझ्याकडे येतात ते जवळपास एका साच्यातले. वर 'ऑब्जेक्टिव्ह' नावाचा चार ओळींचा उतारा, जो सगळ्यांचा सारखाच. खाली वडिलांचं नाव, जन्मतारीख, 'मॅरिटल स्टेटस: सिंगल', छंद क्रिकेट आणि वाचन. मध्ये प्रोजेक्ट: लायब्ररी मॅनेजमेंट नाही तर हॉस्पिटल मॅनेजमेंट, किंवा अलीकडे घरांच्या किमतीचा अंदाज सांगणारं मॉडेल, जे इंटरनेटवरून जसंच्या तसं उतरवलेलं असतं. मी विचारते, यात तू काय केलंस? उत्तर येतं, 'मॅम, आम्ही चौघांनी केलं.' तू काय केलंस? मग शांतता.

सावद्याकडचा एक मुलगा होता. त्याचीही मुलाखत अशीच घसरत चालली होती. शेवटी मी मराठीत विचारलं, कॉलेजशिवाय कॉम्प्युटरवर स्वतःच्या गरजेसाठी काही केलंयस का? म्हणाला, तसं विशेष नाही, काका केळी पाठवतात त्यांचा हिशेब बसवून दिलाय. मी म्हटलं, तो सांग. आणि पोरगं बोलायला लागलं. भाव जाहीर होतो एक, व्यापारी देतो दुसराच, म्हणून दोन्ही भाव वेगळे साठवावे लागतात. कटाई एका दिवशी होते, गाडी रात्री बारानंतर भरते, मग कोणत्या तारखेचा भाव धरायचा? काका आणि चुलतभाऊ दोघांनी आपापल्या फोनवरून एकाच गाडीची नोंद केली की वजन दुप्पट दिसायचं. ते थांबवायला त्याने गाडी नंबर आणि वजनकाट्याची पावती मिळून एकच नोंद होईल असं केलं होतं. माझ्याबरोबर बसलेल्या टेक्निकल मॅनेजरने लॅपटॉप बाजूला सारला. पुढची वीस मिनिटं दोघं डेटाबेसवरच बोलत होते. एका नोंदीवर दोघांनी एकदम बोट ठेवलं तर काय, चुकीची नोंद पुसायची की रद्द म्हणून ठेवायची, असं सगळं. इंग्रजी मोडकंच होतं. निवड झाली. आणि हा प्रोजेक्ट त्याच्या रेझ्युमेवर नव्हता, कारण त्याला तो घरगुती वाटत होता! रेझ्युमेवर लायब्ररी मॅनेजमेंट होतं.

तुमच्या मुलासाठी याचा अर्थ उघड आहे. पारोळ्यात एखाद्याचं जिनिंग असेल, मेडिकल असेल, पतपेढी असेल, तुमच्याच शाळेचा पोषण आहाराचा हिशेब असेल. कुठली तरी एक खरी अडचण घ्यायची, ती सोडवणारं छोटं काही बनवायचं आणि दोन-चार माणसांना दोन महिने वापरायला द्यायचं. वापरणारा शिव्या घालतो तेव्हा खरं शिक्षण होतं. कोड लिहायला एआयची मदत घेतली तरी माझी हरकत नाही, पण प्रत्येक ओळ का आहे ते त्याला सांगता आलं पाहिजे. गिटहबवर, म्हणजे कोड सगळ्यांना बघता येईल अशा साइटवर, ते टाकायचं आणि रेझ्युमेच्या पहिल्या पानावर वर आणायचं. भाषा जावा घ्या की पायथन, माझ्या लेखी फार फरक नाही. एसक्यूएल, म्हणजे डेटाबेसमधून माहिती काढायची भाषा, मात्र पक्की करायला सांगा. जॉइन, ग्रुप बाय, इंडेक्स कशासाठी, एवढं तरी हवंच. डेव्हलपर असो, टेस्टर असो की सपोर्टवाला, एसक्यूएल सगळीकडे विचारतात आणि आपली मुलं त्यालाच 'ते सेकंड इयरला झालं' म्हणून सोडून देतात.

इंग्रजीबद्दल तुम्ही काळजीने लिहिलंय. अहिराणीचा हेल लागतो म्हणून कोणाला नाकारलेलं मी पाहिलं नाही. नाकारतात ते विचारलेलं न कळता उत्तर ठोकणाऱ्याला आणि गप्प बसणाऱ्याला. आपल्या प्रोजेक्टबद्दल तीन मिनिटं इंग्रजीत बोलणं, रोज, फोनवर रेकॉर्ड करून स्वतः ऐकणं, एवढं दीड-दोन महिने केलं तरी पुरतं. व्याकरण सुधारण्याच्या क्लासला पैसे घालवू नका. फोनवर थेट ग्राहकाशी बोलायच्या जागा वेगळ्या, तिथे उच्चारही बघतात.

काही बारीक गोष्टी, ज्यावर पोरं फुकट बाद होतात. नोकरी डॉट कॉमवर आम्ही शोधतो तेव्हा स्किल, पासिंगचं वर्ष, शहर आणि 'अलीकडे कधी अ‍ॅक्टिव्ह होता' ही चाळणी लावतो. ज्याने पसंतीच्या शहरात पुणे टाकलेलं नाही आणि महिनाभर प्रोफाइल उघडलेलं नाही, तो कितीही हुशार असला तरी मला दिसत नाही. दर आठवड्याला एखादी ओळ बदलून प्रोफाइल अपडेट करावं. दुसरं, दहावी, बारावी आणि पदवीला प्रत्येकी ६० टक्के ही अट अजून बऱ्याच ठिकाणी आहे. सीजीपीएचे टक्के विद्यापीठाच्याच सूत्राने काढायचे. ५९.८ चे ६० लिहायचे नाहीत. परीक्षेत पास होऊन, मुलाखत होऊन, कागदपत्रं तपासताना तेवढ्या दशांशावर ऑफर रद्द झालेली मी पाहिली आहे. तिसरं, ऑनलाइन परीक्षा कॅमेऱ्यासमोर असते. मध्येच लाइट गेली की लॉग आउट, आणि पुन्हा आत घेतीलच असं नाही. भारनियमनाचं वेळापत्रक तुम्हाला माझ्यापेक्षा चांगलं माहीत आहे. परीक्षा घरून देण्यापेक्षा जळगावला इन्व्हर्टर असलेल्या मित्राच्या खोलीवरून किंवा कॉलेजच्या लॅबमधून द्यावी.

वेळही महत्त्वाची आहे. ऑफ-कॅम्पसला कंपन्या शक्यतो चालू आणि गेल्या वर्षीची बॅच घेतात. तुमच्या मुलाकडे २०२५ चं पासिंग आहे, म्हणजे फ्रेशर म्हणून दार अजून उघडं आहे, पण ते कायम उघडं राहणार नाही. टीसीएसची एनक्यूटी ही भरतीची परीक्षा द्यायला सांगा. त्यात गुणांप्रमाणे पगाराचे स्तर आहेत. सगळ्यात खालचा साधारण ३.३६ लाखांचा आणि वरचे त्याच्या दुपटी-तिपटीचे. एकाच दिवसाची परीक्षा असूनही आपली मुलं खालच्या स्तराचीच तयारी करून जातात, वरच्या स्तराचे कोडिंगचे प्रश्न उघडूनसुद्धा बघत नाहीत.

इथे एक अवांतर. अमळनेरचे लोक मला हमखास सांगतात की विप्रो आपली. खरंच आहे. १९४५ साली अमळनेरात वनस्पती तुपाचा कारखाना म्हणून ती सुरू झाली आणि त्या वेळी शेअर धरून ठेवलेल्यांच्या घरात आजही लक्ष्मी आहे. पण भरतीत अमळनेरच्या पोराला कोणी कोटा ठेवलेला नाही. तोही त्याच परीक्षेतून येतो.

आता क्लास. 'शंभर टक्के प्लेसमेंट' हे वाक्य करारात कसं लिहिलंय ते वाचा. बहुधा 'प्लेसमेंट सहाय्य' किंवा 'अमर्यादित मुलाखती' असं असतं, आणि मुलाखत देणं म्हणजे नोकरी लागणं नव्हे. गेल्या बॅचच्या मुलांची नावं मागा आणि ती लिंक्डइनवर कुठे काम करतात ते मुलाला बघू द्या. 'नोकरी लागल्यावर पैसे द्या' म्हणणाऱ्यांपासून जास्त सावध राहा. त्यातले कित्येक जण तुमच्या किंवा मुलाच्या नावावर फायनान्स कंपनीचं कर्ज काढून घेतात. नोकरी लागो न लागो, हप्ता चालू होतो, चुकला की सिबिल खराब, आणि काही कंपन्या, विशेषतः बँकांचं काम करणाऱ्या, नेमणुकीआधी तेही बघतात. शिकण्याची सामग्री एनपीटीईएल, स्वयम्, इन्फोसिस स्प्रिंगबोर्ड या वेबसाइटांवर फुकट आहे. क्लासचा उपयोग एवढाच की रोज बसायची सवय लागते आणि बरोबरीची मुलं भेटतात. तेवढ्यासाठी पंचवीस-तीस हजार हप्त्याहप्त्याने दिले तर ठीक. ८५ हजार एकरकमी मी दिले नसते.

दीड लाखवाल्याकडे येते. तो एखाद्या नावापुरत्या कंपनीत तुमच्या मुलाला दोन वर्षं कामाला दाखवेल, अनुभवपत्र, पगाराच्या स्लिपा देईल, कदाचित प्रॉव्हिडंट फंडही भरून दाखवेल. नोकरी लागेलसुद्धा. मग पार्श्वभूमी तपासणी सुरू होते. फंडाच्या यूएएन नंबरवरून कोणत्या कंपनीत कधी लागला, कधी सोडलं, फंड कोणत्या महिन्याचा कधी भरला, सगळं दिसतं. दोन वर्षांचा फंड एकाच आठवड्यात भरलेला असला की कळायचं ते कळतं. बँक स्टेटमेंट मागतात, त्यात पगार येऊन दुसऱ्या दिवशी तोच पैसा परत गेलेला दिसतो. शिवाय तपासणी करणाऱ्या संस्थांकडे अशा संशयित कंपन्यांच्या याद्या असतात आणि त्या वाढत जातात. म्हणजे आज निसटलेला मुलगा दीड वर्षाने पुढच्या कंपनीत जाताना सापडतो, तेव्हा त्याचा खरा अनुभवही मातीमोल होतो. आणि एक साधी गोष्ट, ज्याला दोन वर्षांचा अनुभवी म्हणून घेतलं त्याला पहिल्याच आठवड्यात अनुभवी माणसाचं काम देतात. अशी मुलं रात्री मित्राला स्क्रीन दाखवून काम करून घेताना पकडली गेली आहेत. त्यांची मला कीव येते, पण मी त्यांना परत घेऊ शकत नाही.

त्यापेक्षा जळगावात, धुळ्यात छोट्या सॉफ्टवेअर कंपन्या आहेत. पतपेढीचं, शाळेचं, सराफाचं, दवाखान्याचं सॉफ्टवेअर करणाऱ्या. पगार पहिल्या वर्षी चारचौघांत सांगायला लाज वाटेल एवढा. तरी घ्यावा, दोन अटींवर: नेमणूकपत्र हवं आणि पगार बँकेत जमा व्हायला हवा. मार्च अखेरीस चिडलेल्या पतपेढी मॅनेजरचा फोन घेऊन ताळेबंद जुळवून दिलेला पोरगा माझ्या दृष्टीने फ्रेशरच्या खूप पुढे असतो. केंद्राच्या नॅट्स पोर्टलवर पदवीधरांना शिकाऊ उमेदवारीही मिळते. किमान विद्यावेतनाचा निम्मा भार सरकार उचलतं, म्हणून छोट्या कंपन्यांनाही ती परवडते. तिथे नोंदणी आजच करा.

परदेशी कंपन्यांनी इथे काढलेल्या स्वतःच्या केंद्रांबद्दल, जीसीसी म्हणतात त्यांना, पेपरात तुम्ही वाचलं असेल. देशात अशी १,७०० हून अधिक केंद्रं आहेत आणि पुण्यात बरीच आहेत. पगार चांगले. पण ती बहुतेक अनुभवी माणसं घेतात आणि फ्रेशर निवडक कॉलेजांतून. मुलासाठी ती तीन वर्षांनंतरची गोष्ट आहे, आत्ता त्यात जीव गुंतवू नये.

ऑफर आली की काय बघायचं? ३.३६ लाख म्हणजे महिना २८ हजार, असं धरू नका. त्यात कंपनीने भरायचा फंड, ग्रॅच्युइटी, विम्याचा हप्ता धरलेला असतो. मुलाचा फंड आणि महिना २०० रुपये व्यवसायकर कापून हातात २२-२४ हजार येतात. हिंजवडी-वाकडला खोली आणि मेस यात निम्मे जातात. पहिलं वर्ष घरी पैसे पाठवण्याची अपेक्षा ठेवू नका. बाँड, म्हणजे ठरावीक मुदतीआधी सोडलं तर पैसे भरायचा करार, असेल तर रक्कम आणि मुदत वाचा. वाजवी रकमेचा बाँड मुळातच बेकायदा नसतो, २०२५ च्या मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने एका सरकारी बँकेच्या दोन लाखांच्या बाँडला मान्यता दिली आहे. पण मूळ मार्कशीट ठेवून घेणारी किंवा डिपॉझिट मागणारी कंपनी असेल तर उठून यायचं. २१ नोव्हेंबर २०२५ पासून नव्या कामगार संहिता लागू झाल्या आहेत, त्यात नेमणूकपत्र देणं सक्तीचं आहे. 'पत्र नंतर देऊ' हे ऐकून घेऊ नका. आणि रुजू झाल्यावरही पहिले चार-सहा महिने प्रशिक्षणातल्या परीक्षा असतात. २०२५ च्या फेब्रुवारीत इन्फोसिसने म्हैसूरच्या केंद्रातून अशा परीक्षांत नापास झालेल्या तीनशेहून अधिक मुलांना घरी पाठवलं. नोकरी लागली म्हणून गावात पेढे वाटा, पण अभ्यास थांबवू देऊ नका.

राहिली धाकटी. भरतीच्या परिपत्रकात कॉम्प्युटर, आयटी, एआय-डेटा सायन्स एकाच ओळीत असतात, बऱ्याचदा इलेक्ट्रॉनिक्सची ईअँडटीसीसुद्धा. शाखेच्या नावाने तिला एक रुपया जास्त मिळणार नाही. नवीन शाखा कॉलेजांनी जागा भरायला भराभर काढल्या आणि शिकवायला जुन्याच विभागातले मास्तर उभे केले, असं पुष्कळ ठिकाणी झालंय. म्हणून कॉलेज बघायला जाल तेव्हा विभागात पूर्णवेळ शिक्षक किती, लॅबमधली मशीन चालू आहेत का, आणि गेल्या वर्षी कॅम्पसला आलेल्या कंपन्यांची नावं विचारा. 'पॅकेज किती' हे विचारू नका, सर्वांत मोठा आकडा एकाच मुलाचा असतो. शिरपूर, जळगाव, बांभोरी, धुळे सगळीकडे एकेक दिवस जाऊन या, तिलाही बरोबर न्या आणि वरच्या वर्गातल्या मुलींशी एकटीला बोलू द्या. शंका राहिलीच तर कॉम्प्युटर घ्यावं, पाया रुंद राहतो. फी झेपत नसेल तर बीसीए किंवा बीएस्सीनेही चालतं. विप्रोच्या एका योजनेत अशी मुलं नोकरी करत करत कंपनीच्या खर्चाने एमटेक करतात. इंजिनिअरिंग प्रवेशाच्या कॅप राउंडचा ऑप्शन फॉर्म, म्हणजे कॉलेजांचा पसंतीक्रम, मात्र सायबर कॅफेवाल्याला भरू देऊ नका. तुम्ही आणि ती दोघं बसून भरा, आणि लॉक करण्याआधी क्रम मोठ्याने वाचून घ्या.